गोव्यात भाड्याचे घर बदलताना सरकारी मदत चालू कशी ठेवायची

मडकईचे काम सुटून वेर्ण्याला दुसरे मिळते, मालक घर विकायला काढतो, किंवा सासू अंथरुणाला खिळली म्हणून डिचोलीला तिच्याजवळ जाऊन राहायचे ठरते. भाड्याने राहणाऱ्या कुटुंबावर घर बदलण्याची वेळ अशीच येते आणि हाताशी फार तर महिना असतो. त्या महिन्यात टेम्पो ठरवायचा, मुलांची शाळा बघायची, डिपॉझिट जमवायचे. कागदपत्रांचे नंतर बघू, असे सगळे म्हणतात. पण गृहिणींना मिळणाऱ्या गृह आधार योजनेचे दीड हजार, आजीचे दयानंद सामाजिक सुरक्षेचे दोन हजार आणि रेशनचा तांदूळ यांवर ज्या घराचा महिना चालतो, तिथे यातले एक जरी अडकले तरी नव्या मालकाचे पहिलेच भाडे थकते. हा लेख त्या कुटुंबांसाठी आहे.

सुरुवातीलाच एक खुलासा. भाड्यासाठी म्हणून दरमहा वेगळी रक्कम खात्यात टाकणारी, सगळ्यांसाठी खुली अशी योजना गोव्यात नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये सुरू झालेल्या प्रधानमंत्री आवास योजनेच्या शहरी दुसऱ्या टप्प्यात भाड्याच्या परवडणाऱ्या घरांचा एक भाग आहे, पण तो अशी घरे उभी करण्यासाठी आहे. तुमच्या सध्याच्या खोलीचे भाडे त्यातून भरले जात नाही. नोकरीवाल्यांना घरभाडे भत्ता मिळतो, त्याबद्दल पुढे लिहिले आहे. बाकीच्यांचे भाडे जाते ते राज्याच्या मासिक मदतीतून आणि रेशनमुळे वाचलेल्या पैशांतून. म्हणून भाड्याचा आधार टिकवायचा तर या योजना खंड न पडता चालू ठेवाव्या लागतात.

त्यासाठी एकच नियम घट्ट धरा: नवे सुरू झाल्याचे डोळ्यांनी पाहिल्याशिवाय जुने बंद करायचे नाही. बँक खाते, रेशनकार्ड, मोबाइल नंबर, सगळ्यांना हाच नियम.

घर बघायला जाताना

समुद्रकाठच्या गावांत, विशेषतः बार्देशच्या पट्ट्यात, पर्यटनाच्या हंगामात मालकाला रोजच्या भाड्याचे गिऱ्हाईक हवे असते. पावसाळ्यात स्वस्तात मिळालेली खोली ऑक्टोबर आला की रिकामी करा असे सांगितले जाण्याची भीती तिथे खरी आहे. वर्षभर एका जागी राहायचे असेल तर फोंडा, डिचोली, वाळपई, केपे अशा आतल्या भागात शोधणे मला जास्त शहाणपणाचे वाटते. पण तिथले भाडे कमी आहे एवढ्यावर निर्णय घेऊ नका. कामाच्या ठिकाणाहून परतीची शेवटची बस किती वाजता सुटते हे स्टँडवर जाऊन विचारा. भाड्यात वाचलेले पैसे पेट्रोलात गेले तर घर बदलून काय मिळवले?

बोलणी पक्की होण्याआधी मालकाला दोन प्रश्न विचारायचे. लेखी करार करून द्याल का? आणि त्या कराराचा पत्ता म्हणून वापर करायला तुमची हरकत नाही ना? दुसऱ्या प्रश्नावर तो गडबडला तर तिथेच थांबून बोलून घ्या. सामान आणून टाकल्यावर हे बोलणे जड जाते.

करार

यावर वेळ घालवा, कारण पुढचे प्रत्येक कार्यालय हाच कागद मागते.

गोव्यात बरेच मालक तोंडी व्यवहारावर घर देतात. कागद मागितला की त्यांना वाटते, हा उद्या घरावर हक्क सांगेल. या भीतीमागे मुंडकार कायद्याची आठवण असते. १९७५ च्या या कायद्याने भाटकाराच्या, म्हणजे जमीनमालकाच्या, जमिनीवर त्याच्या संमतीने घर करून राहणाऱ्या मुंडकाराला घराबाहेर काढण्यापासून संरक्षण दिले. पण त्याच कायद्याच्या व्याख्येत घराचे भाडे भरणाऱ्याला मुंडकारातून वगळले आहे. म्हणजे भाड्याचा लेखी करार आणि दरमहाची पावती यांनी मालकाची बाजू पक्कीच होते. हे त्यांना शांतपणे सांगा: "बाब, करार केला तर मी तुमचा भाडेकरू आहे हे कागदावर येतं. त्यात तुमचंच संरक्षण आहे." बऱ्याच जणांचा सूर यावर मवाळ होतो. तरीही शंका राहिली तर त्यांच्या ओळखीच्या वकिलाकडूनच मसुदा करून घेऊ द्या. एखादा शब्द त्यांच्या मनासारखा पडला तरी चालेल, कागद झाला पाहिजे.

करार सहसा अकरा महिन्यांचा असतो, कारण एक वर्षाहून जास्त मुदतीच्या भाडेपट्ट्याची नोंदणी सक्तीची आहे. अकरा महिन्यांचा करार बहुतेक जण नोटरीकडे करतात. आधार कार्डावरचा पत्ता बदलायचा असेल तर मात्र तालुक्याच्या उपनिबंधक कार्यालयात नोंदवलेला करार हाताशी असणे केव्हाही चांगले. खर्च थोडा वाढतो, पण वर्षभराची हेलपाटी वाचते.

करारात काय असावे? वाड्याच्या नावासह आणि घर क्रमांकासह पूर्ण पत्ता, राहणाऱ्या सगळ्यांची नावे, भाडे, डिपॉझिट, वीज-पाण्याचे बिल कोण भरणार आणि घर सोडण्याची सूचना किती दिवस आधी द्यायची. नावे आधार कार्डावर आहेत तशीच, अक्षरन् अक्षर. बायकोचे नाव करारात असलेच पाहिजे, असा माझा आग्रह आहे. गृह आधार तिच्या नावावर आहे, पत्ता तिलाही सिद्ध करायचा आहे, आणि करार एकट्या नवऱ्याच्या नावावर असला की तिची कामे अडतात. घर क्रमांक पंचायतीच्या घरपट्टीच्या पावतीवर असतो तोच लिहा; मालकाकडून त्या पावतीची आणि शेवटच्या वीजबिलाची प्रत घेऊन ठेवा.

भाडे शक्यतो बँकेतून किंवा मोबाइलवरून द्या. रोखीने दिले तर पावती घ्या. पाच हजारांच्या वरच्या रोख पावतीवर एक रुपयाचे महसूल तिकीट लागते.

पोलीस ठाण्याचा फॉर्म

भाडेकरूची माहिती जवळच्या पोलीस ठाण्यात देणे ही घरमालकाची जबाबदारी आहे, पण फॉर्म भरायला तुमचाच फोटो आणि ओळखपत्र लागते. तुम्हीच प्रती काढून तयार ठेवल्या तर काम एका दिवसात होते. यात घाबरण्यासारखे काही नाही, ही पडताळणी सगळ्यांचीच होते. पोच मिळाली की त्याचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

बँक खात्याला हात लावण्याआधी

माझ्या पाहण्यात मदत थांबण्याचे सगळ्यात मोठे कारण हेच. नव्या गावात जुन्या बँकेची शाखा लांब पडते, म्हणून माणूस घराजवळच्या बँकेत नवे खाते उघडतो आणि जुने बंद करून टाकतो. योजनेच्या यादीत जुनाच क्रमांक असतो. पैसे निघतात आणि परत जातात.

त्याआधी हे समजून घ्या. काही योजनांचे पैसे अर्जात दिलेल्या खाते क्रमांकावर येतात, तर काहींचे तुमच्या आधारशी जोडलेल्या खात्यावर. आधारशी एका वेळी एकच खाते अशा पैशांसाठी जोडलेले असते, आणि ते शेवटचे जोडलेले खाते असते. नव्या बँकेत गेल्यावर तिथला कर्मचारी आधार जोडण्याचा फॉर्म पुढे करतो, तुम्ही सही करता, आणि गॅसची सबसिडी नव्या खात्यात जाऊ लागते, तर गृह आधार जुन्यात येत राहतो. घरात वाटते, सबसिडी बंद झाली. ती बंद झालेली नसते, फक्त तुम्ही पाहत नाही त्या पासबुकात पडत असते. कोणते खाते जोडलेले आहे हे आधारच्या संकेतस्थळावर पाहता येते. नाही जमले तर बँकेत विचारा.

खाते बदलण्यापेक्षा त्याच बँकेच्या नव्या गावातल्या शाखेत ते हलवणे सोपे. बहुतेक बँकांत खाते क्रमांक तोच राहतो, शाखेचा आयएफएससी कोड तेवढा बदलतो. तो बदललेला कोड मात्र योजनेच्या कार्यालयात कळवा. बँक गावातच नसेल आणि नवे खाते काढावेच लागले, तर नव्या पासबुकाच्या पहिल्या पानाची प्रत देऊन बदलाचा अर्ज करा आणि पुढचा हप्ता नव्या खात्यात जमा झाल्याची नोंद छापून येईपर्यंत जुने खाते चालू ठेवा.

मोबाइल नंबरचेही असेच. आधार आणि बँकेशी जोडलेला नंबर रिचार्ज न करता मरू देऊ नका. तो गेला की ओटीपी येत नाही आणि एका साध्या कामाची तीन कामे होतात.

रेशन

इथे बातमी चांगली आहे. १ जानेवारी २०२० पासून गोवा 'एक देश एक रेशनकार्ड' व्यवस्थेत आहे. राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायद्याखालचे तुमचे कार्ड असेल, म्हणजे अंत्योदय किंवा प्राधान्य कुटुंबाचे, तर घर बदललेल्या महिन्यातच नव्या गावच्या रास्त भाव दुकानात अंगठा लावून धान्य घेता येते. पत्ता बदलेपर्यंत थांबायची गरज नाही. अंत्योदय कुटुंबाला महिन्याला ३५ किलो आणि प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो, हे प्रमाण दुकान बदलले म्हणून बदलत नाही. हे धान्य सध्या मोफत आहे. कुणी पैसे मागितले तर पावती मागा.

दुकानदाराने "तुमचे कार्ड इथले नाही" म्हटले तर कार्ड क्रमांक यंत्रात घालून बघायला सांगा. बरेचदा त्यालाही खात्री नसते. घरातल्या सगळ्यांचे ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळखीची पडताळणी, झाले आहे ना, हेही त्याच वेळी त्याच यंत्रावर पाहून घ्या. ते कुठल्याही दुकानात करता येते. म्हातारी माणसे आणि अलीकडेच आधार निघालेली मुले यांची नावे इथे राहून जातात.

रेशनकार्डावरचा पत्ता कायमचा बदलून घ्यायचा असेल तर तालुक्याच्या मामलेदार कार्यालयातल्या नागरी पुरवठा विभागात अर्ज द्या. महाराष्ट्रातून आलेल्यांनी लक्षात ठेवावे, तिकडे तहसीलदाराकडे जी कामे असतात त्यातली बरीचशी इथे मामलेदाराकडे असतात. तालुका बदलत असेल तर जुन्या तालुक्यातून नाव कमी केल्याचा कागद मागितला जाईल. तो घेण्याआधी नव्या तालुक्यात कोणकोणते कागद लागतात ते विचारून तयार ठेवा. मधल्या काळात कुटुंबाचे नाव दोन्हीकडे नाही, असे होता कामा नये.

आधार आणि मतदार यादी

दोन्ही कामे करार हाती आल्यावरच. आधारचा पत्ता एकाचा बदलून झाला की घरातल्या बाकीच्यांना कुटुंबप्रमुखाच्या आधारावरून पत्ता बदलता येतो; त्यासाठी नात्याचा पुरावा आणि कुटुंबप्रमुखाची ओटीपीवर संमती लागते. करारात ज्यांचे नाव राहून गेले त्यांना याचा फार उपयोग होतो.

मतदार यादीत स्थलांतरासाठी फॉर्म ८ भरायचा. फॉर्म ६ नव्या मतदारासाठी असतो. स्थलांतरासाठी तो भरला तर नाव दोन ठिकाणी लागते आणि मग उत्तरे देत बसावे लागते.

गृह आधार आणि दयानंद योजना

गृह आधार महिला व बाल विकास खात्याचा, २०१२ पासूनचा. पती-पत्नीचे मिळून वार्षिक उत्पन्न तीन लाखांच्या आत असावे लागते. दयानंद सामाजिक सुरक्षा योजना समाजकल्याण खात्याची. गोव्याचे पहिले मुख्यमंत्री दयानंद बांदोडकर यांचे नाव तिला दिलेले आहे, आणि ज्येष्ठ नागरिक, एकट्या महिला, दिव्यांग व्यक्ती तिच्यात येतात. दोन्हींसाठी गोव्यात पंधरा वर्षे वास्तव्य लागते. गोव्याच्या एका तालुक्यातून दुसऱ्यात गेलात म्हणून तुमचा हक्क जात नाही, कारण अट राज्यातल्या वास्तव्याची आहे. पत्ता बदलला की मदत बंद होईल या भीतीने लोक तो कळवतच नाहीत. त्यातून नुकसान होते, कारण पडताळणीची सूचना जुन्या घरी जाते आणि तिथे ती घ्यायला कुणी नसते.

साध्या कागदावर अर्ज लिहा: नाव, लाभार्थी क्रमांक, जुना पत्ता, नवा पत्ता, बँक तीच आहे की बदलली. सोबत कराराची आणि पासबुकाची प्रत. गृह आधारसाठी आधी अंगणवाडी सेविकेला विचारा. तालुक्याच्या बालविकास प्रकल्प कार्यालयात कुठे जायचे ते ती सांगेल. घरात गरोदर बाई किंवा लहान मूल असेल तर पोषण आहाराची नोंदही तिच्याकडूनच नव्या अंगणवाडीत हलवून घ्या. दयानंद योजनेच्या लाभार्थ्याला दरवर्षी हयातीचा दाखला द्यावा लागतो. आजी-आजोबांना घेऊन घर बदलत असाल आणि दाखल्याची मुदत जवळ आली असेल, तर जुन्या गावातून निघण्यापूर्वीच तो देऊन टाका. ओळखीच्या बँकेत ते काम पटकन होते.

नव्या नोकरीमुळे उत्पन्न तीन लाखांच्या वर गेले असेल तर तेही कळवा. नंतर वसुली आली तर ती भाड्याच्या पैशांतूनच जाईल. शिवाय तो पैसा दुसऱ्या एखाद्या घराला हवा असतो.

आता पंधरा वर्षांच्या वास्तव्याबद्दल. स्वतःचे घर असलेल्याला घरपट्टीच्या पावत्या पुरतात. भाडेकरूने पंधरा वर्षांत चार घरे बदललेली असतात, आणि मामलेदाराकडे रहिवासी दाखला मागताना त्या प्रत्येक घराचा पुरावा जोडायचा असतो. म्हणून घर सोडताना त्या घराचा करार, दोन-तीन वीजबिले आणि पावत्या एका फाइलीत लावून ठेवा. मुलांच्या शाळेचे दाखले, लसीकरणाची पुस्तिका, मतदार यादीतले नाव यांनी मधली वर्षे भरून निघतात. जुन्या मालकाकडून "अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत माझ्या घरात राहत होते" असे दोन ओळींचे पत्र निघण्याच्या दिवशीच घ्या. डिपॉझिट परत मिळण्याच्या वेळी तो माणूस समोर असतो, पाच वर्षांनी तो कुठे असेल सांगता येत नाही. पहिल्यांदाच अर्ज करायची वेळ येईल तेव्हा ही फाइल किती मोलाची आहे ते कळते.

महाराष्ट्रातून गोव्यात येत असाल तर

सावंतवाडी, दोडामार्ग, चंदगडहून कामासाठी इकडे येणारी कुटुंबे बरीच आहेत. त्यांना सरळ सांगायला हवे: लाडकी बहीण किंवा संजय गांधी निराधार या योजना महाराष्ट्राच्या रहिवाशांसाठी आहेत. कायमचे गोव्यात राहायला आलात की तो हक्क राहत नाही, आणि गोव्याच्या योजनांना पंधरा वर्षे लागतात. मधला काळ कोरडा जातो. पहिल्या वर्षाचे भाडे ठरवताना ही रक्कम हिशेबात धरूच नका. जे सोबत येते ते म्हणजे अन्नसुरक्षेचे रेशन आणि असल्यास केंद्राचे आयुष्मान कार्ड. बांधकाम कामगार मंडळाची नोंदणी राज्यनिहाय असते, त्यामुळे ती इथे नव्याने करावी लागेल. नवरा एकटाच गोव्यात आणि कुटुंब गावी असेल तर रेशनची विभागणी होते: तो इथे आपल्या वाट्याचे घेऊ शकतो, उरलेले गावी मिळते. त्याने आधी सगळे उचलले तर गावच्या दुकानात घरच्यांना रिकाम्या हाताने परतावे लागेल, तेव्हा आपसात बोलून घ्या.

बदलीवर येणारे

केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांना गोव्यात घरभाडे भत्ता 'वाय', म्हणजे मधल्या, वर्गाच्या शहराच्या दराने मिळतो. लोकसंख्येने गोव्यातले एकही शहर त्या वर्गात बसत नाही, पण विशेष आदेशाने ही सवलत आहे. महागाई भत्ता ५० टक्क्यांवर गेल्यापासून, म्हणजे जानेवारी २०२४ पासून, हा दर मूळ वेतनाच्या २० टक्के आहे. पती किंवा पत्नीला त्याच ठिकाणी सरकारी निवास मिळाले असेल तर दुसऱ्याला भत्ता मिळत नाही. भत्त्यावरची करसवलत जुन्या करप्रणालीतच आहे, आणि वर्षाचे भाडे एक लाखाच्या वर असेल तर घरमालकाचा पॅन क्रमांक द्यावा लागतो. तो करार करतानाच मागून घ्या.

हप्ता आलाच नाही तर

आधी पासबुक भरून आणा, कारण कधीकधी दोन महिन्यांचे एकदम जमा होतात. यादीतल्या सगळ्यांचेच थांबले आहे का, हे अंगणवाडी सेविकेला किंवा शेजारच्या लाभार्थ्याला विचारा. फक्त तुमचेच अडले असेल तर तीन कागद घेऊन कार्यालयात जा: भरलेले पासबुक, पत्ता बदलाच्या अर्जाची पोच आणि आधार. पोच म्हणजे तारीख आणि शिक्का असलेली तुमच्या अर्जाची दुसरी प्रत. ती नसली तर "तुम्ही कळवलेच नाही" याला उत्तर उरत नाही. पैसे निघाले आणि परत आले, की निघालेच नाहीत, एवढे स्पष्ट विचारा. परत आले असतील तर बँक खात्याचा दोष आहे आणि तो बँकेत सुटेल. निघालेच नसतील तर पडताळणी किंवा हयातीचा दाखला राहिला आहे, आणि तो दिल्यावर थांबलेले हप्ते मिळण्यासाठी त्याच दिवशी वेगळा लेखी अर्ज द्या. दरम्यान नव्या घरमालकाला आधीच सांगून ठेवा की या महिन्याचे भाडे आठवडाभर उशिरा येईल.